तिकडे अजून शब्बाथ होता

"तीन झाले का रे?" आईने ओटीवरून विचारलं.

"दोनच दिसतात," मी अंगणातून म्हणालो. "तिसरं बहुतेक विमान आहे."

"नीट बघ. विमानावर शब्बाथ सुटत नाही."

दर शनिवारी संध्याकाळी आमच्या रेवदंड्याच्या घरी हा तपास चालायचा. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले ज्यू. आमचे पूर्वज इथे तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी, म्हणजे शब्बाथला, घाणा बंद ठेवायचे, म्हणून गाव त्यांना शनिवार तेली म्हणायचा. घाणे कधीच गेले, पण आमच्या आईचा शनिवार काही सुटला नाही. शुक्रवारी संध्याकाळी दिवे लावले की शनिवारी आकाशात तीन तारे दिसेपर्यंत ती काडी पेटवायची नाही, दिव्याचं बटण दाबायची नाही आणि मोबाइलला तर हातच लावायची नाही. फोन बंद करून तांदळाच्या डब्यामागे ठेवलेला असायचा. माझाही तिथेच. मी तिच्याइतका कडक नव्हतो, पण तिच्या घरात तिच्यासमोर फोन काढायची माझी छाती नव्हती.

तिसरा तारा शेवटी माडाच्या झावळ्यांआडून निघाला. आईने दिवा पेटवला, भिजवलेल्या मनुकांचं शरबत पेल्यात ओतलं, सब्जाची डहाळी हुंगून माझ्या हातात दिली आणि शब्बाथला निरोप दिला. तेवढ्यात कुंपणातून मधू घरत आला. मधू आमचा शेजारी, अलिबाग रस्त्यावर सहा आसनी रिक्षा चालवायचा. शनिवारी दुपारी न सांगता येऊन आमच्या विहिरीचा पंप चालू करून जायचा, कारण आम्ही करणार नाही हे त्याच्या बापापासून त्यांच्या घरी ठाऊक होतं. संध्याकाळी यायचा तो उरलेल्या शरबतासाठी.

आईने तिचा फोन चालू केला. तो लागोपाठ दोन-तीनदा वाजला.

"एफ्राईम," ती म्हणाली, "हे बघ काय आलंय. प्रार्थनेच्या अक्षरांत आलंय."

मी बघितलं. अनोळखी परदेशी नंबर. वर हिब्रू अक्षरांच्या तीन ओळी. त्याखाली इंग्रजीत एक ओळ, की ताबडतोब सामील व्हा, कॅमेरा आणि माइकला परवानगी द्या, ही लिंक लवकरच बंद होईल. आणि खाली ती लिंक. एक कधी न ऐकलेलं नाव, मग टिंब, मग ज्याचा शेवट मी कुठे पाहिला नव्हता असा शेवट, आणि पुढे अक्षरं आणि आकड्यांची लांबलचक रांग. ना कुणाचं नाव, ना गाव, ना नमस्कार.

आता माझ्या धंद्याबद्दल सांगायला हवं. मी तेव्हा एका सहकारी बँकेत होतो आणि बँकेने मला गावोगाव पाठवून लोकांना फसवणुकीपासून सावध करायचं काम दिलं होतं. चौलपासून मुरूडपर्यंत माझं नाव लिंकमास्तर पडलं होतं. लग्नातसुद्धा लोक पंगतीतून उठून फोन घेऊन यायचे आणि विचारायचे, "मास्तर, हे उघडू का?" मी बहुधा न बघताच नको म्हणायचो आणि बहुधा बरोबर निघायचो. त्यामुळे थोडा माजही आला होता.

"पुसून टाक," मी आईला म्हणालो. "अनोळखी नंबर, अनोळखी पत्ता, वर घाई आणि परवानग्या मागतायत. माझ्या भाषणातला एकूण एक मुद्दा यात आहे. उद्या हे मी नमुना म्हणून दाखवीन."

"नको उघडू मावशी," मधू म्हणाला. "माझं काय झालं ठाऊक हाय ना? मी इनामाच्या चिठ्ठीवर बोट ठेवलं आन् सगळ्या गावाला माझ्या नावाने मेसेज गेला, मी इस्पितळात हाय म्हणून. बायको माहेरी होती, ती रडत आली."

आईने आमच्या दोघांकडे लक्ष दिलं नाही. तिने चष्मा लावला आणि त्या तीन ओळींवरून बोट फिरवू लागली. आमच्याकडे हिब्रू वाचता येणं आणि समजणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. प्रार्थनेच्या पुस्तकात अक्षरांखाली उच्चाराच्या खुणा असतात, त्या धरून आई भराभर वाचायची. अर्थ विचाराल तर थोडाफारच. इथे खुणा नव्हत्या. खुणांवाचून ती शब्दाशब्दाला अडखळत होती.

"हा शब्द मी ओळखते," ती म्हणाली. "आजाऱ्यासाठी म्हणतो त्या प्रार्थनेत येतो. बरं होण्याचा शब्द आहे."

"म्हणजे औषधवाले," मी म्हणालो. "गुडघेदुखीचं तेल विकत असतील."

"हिब्रूतून? रेवदंड्याला?"

हे मलाही जरा चमत्कारिक वाटलं. नंबर पुन्हा बघितला तर तो इस्राएलचाच होता. तिथे आमचं एकच घर होतं. माझी थोरली बहीण शुलामिथ लग्न होऊन अश्दोदला गेली ती तिथलीच झाली. नवरा वारला होता. ती आणि तिची मुलगी ओरली, दोघीच राहायच्या. आठवड्यातून एकदा बोलणं व्हायचं, आणि पाडव्यापासून कैरीच्या लोणच्याची मागणी सुरू व्हायची.

"शुलामिथला फोन लाव," आई म्हणाली.

हेच तर मी गावोगाव शिकवायचो. संशय आला की लिंकला हात लावू नका, त्या माणसाला त्याच्या नेहमीच्या नंबरवर फोन करा. मी शुलामिथला लावला. बंद. ओरलीला लावला. तोही बंद. आणि मग माझी नजर भिंतीवरच्या घड्याळावर गेली आणि मी कपाळावर हात मारला.

"आई, तिकडे अजून शब्बाथ आहे."

आमच्याकडे अंधार पडला होता, पण अश्दोदला भर दुपार होती. तारे दिसायला अजून बराच अवकाश होता. शुलामिथ तर आईच्याही वरताण. तिच्या इमारतीतली सगळी माणसं तशीच. कुणालाही फोन लावा, शनिवारी दुपारी तिथे एकही फोन चालू सापडणार नाही.

"मग संपलंच की," मी म्हणालो, आणि खरं सांगतो, मला हायसं वाटलं. "शब्बाथच्या दिवशी शुलामिथ असला निरोप पाठवेल? ती शनिवारी फ्रिजसुद्धा जपून उघडते, आतला दिवा लागेल म्हणून. हे तिच्याकडून आलेलं नाही. कुणीतरी भामटा आहे आणि त्याला ठाऊक नाही की आम्ही शनिवारी फोन उघडत नाही."

"बरोबर," मधू म्हणाला.

आईही बरोबर म्हणाली. फोन खाली ठेवला. शरबताचे पेले उचलले, आत नेले आणि तसेच परत घेऊन आली.

"त्या नंबरवर उलट फोन करून बघ."

मी माझ्या फोनवरून केला. एका बाईचा ध्वनिमुद्रित आवाज हिब्रूत काहीतरी सांगू लागला. मग बहुधा आकडे दाबायला सांगितले. मग बासरीसारखं काहीतरी वाजत राहिलं आणि फोन कट झाला. दुसऱ्यांदाही तेच. भामट्यांचेही हल्ली असेच आवाज असतात, बँकेचा हुबेहूब वाटावा असे. पण आमच्या बँकेचाही आवाज तसाच होता, आणि बँक खरी होती. मला काही सुधरेना. जे जे म्हणून मी चोराची खूण समजत होतो, ते ते खऱ्या माणसाकडेही असू शकत होतं. आणि खरं वाटावं असं जे काही होतं, ते चोरालाही सहज जमलं असतं. आणि ती लिंक लवकरच बंद होणार होती.

"असं कर," मी आईला म्हणालो, "तिकडे तारे दिसेपर्यंत थांबू. शुलामिथ फोन चालू करील, मग तिलाच विचारू."

हा अगदी शहाणपणाचा सल्ला होता. आजही कुणी विचारलं तर मी हाच देईन. आई मात्र सब्जाची डहाळी बोटांत चुरगळत राहिली. मग म्हणाली, "शब्बाथ कशासाठी मोडावा, एफ्राईम?"

"मोडूच नये."

"आणि कुणाचा जीव जात असला तर?"

"तर मोडायचा. तेव्हा मोडायलाच पाहिजे."

"तुझ्या बाबांनी जन्मात एकदाच मोडला. तू पाळण्यात होतास. भर शनिवारी सकाळी ते जीपवाल्याकडे धावले, जीप मागून आणली आणि तडफडणाऱ्या शुलामिथला घेऊन अलिबागच्या इस्पितळात गेले. सिनेगॉगमध्ये प्रार्थनेला जमलेली माणसं दारात उभी राहून बघत होती. कुणी ब्र काढला नाही."

"मला ठाऊक आहे ते. पण आई, चोराला आपल्या शब्बाथशी काय घेणंदेणं? तो शनिवारी पाठवील, रविवारी पाठवील."

"पाठवील ना. म्हणून तर मला दोघंच दिसतायत," आई म्हणाली. "एक तर चोर. नाहीतर आपली पोर. आणि आपली पोर असली, तर तिथे जीव जातोय. तिसरं काही असूच शकत नाही. साध्या कामासाठी ती आज हात लावायची नाही."

काही वेळापूर्वी जी गोष्ट माझ्या बाजूने होती, तीच उठून पलीकडे जाऊन बसली होती. ही खरंच आपली माणसं असतील आणि मी शहाणपणा शिकवत ओटीवर उभा असेन, तर? आणि आईच्या फोनवर तिची पेन्शन, आमची दोघांची खाती, सगळ्या नातेवाइकांचे नंबर होते. तिथे कुणी शिरलं, तर लिंकमास्तरच्या आईलाच लुबाडलं म्हणून गाव वर्षभर हसला असता.

"तुझ्या फोनवर नको," मी शेवटी म्हणालो. "माझ्यावरही नको."

"माझा जुना देऊ?" मधू म्हणाला. "तूच धुऊन-पुसून दिलास ना रे तो? आत काय नाय. सीमकार्ड पण नाय. त्याला आता आनखी काय रोग लागणार?"

मधू कुंपण ओलांडून गेला तसाच धावत परत आला. काच तडकलेला, पोरांनी खेळायला घेतलेला फोन. मी त्याला माझ्या फोनचं इंटरनेट जोडून दिलं. आईच्या फोनवरची लिंक मी एकेक अक्षर वाचत होतो आणि मधू जाड बोटाने ते दाबत होता. ती रांग संपता संपेना. शेवटी दाबलं, तर पान सापडत नाही असं आलं.

"बंद झाली," मी म्हणालो.

"पुन्हा," आई म्हणाली.

पुन्हा सगळं वाचलं. या वेळी मीच दाबत होतो आणि मधू वाचत होता. कॅमेऱ्याची परवानगी मागितली, मी दिली. माइकची मागितली, दिली. आयुष्यभर लोकांना जे करू नका म्हणून सांगितलं ते मी स्वतःच्या बोटाने करत होतो. पडद्यावर एक पांढरं चक्र गरगरत राहिलं. आम्ही तिघं त्या तडकलेल्या काचेवर डोकी लावून बसलो होतो. मग अचानक एक बाई दिसली. हिरवी टोपी, तोंडावर कापड. ती हिब्रूत काहीतरी ओरडून बोलली आणि बाजूला झाली.

तिच्या मागून ओरली पुढे आली. शब्बाथचा पांढरा पोशाख, केस सुटलेले, डोळे सुजलेले.

"आजी!" ती म्हणाली. तिचं मराठी स्वयंपाकघरात शिकलेलं, त्यात घाई. "आजी, तू कुठे होती? मम्मीच्या आतड्याला पीळ पडला. आत्ता कापायचं. मम्मी बोलत नाय, तिला काय कळत नाय. फोन घरी राहिला, शब्बाथ ना, मी तशीच गाडीत बसली. मला फक्त तुझा नंबर पाठ. इथली बाई फोन करते, करते, तुझा बंद. मग तिने हे पाठवलं."

"काय पाहिजे ते सांग," आई म्हणाली.

"मम्मी लहान होती, तिकडे ऑपरेशन झालं. भुलीचं काहीतरी झालं. मम्मी एकदा बोललेली. काय झालं? कुठलं औषध? डॉक्टर विचारते. भूल द्यायची आता, थांबता येत नाय."

मी आईकडे बघितलं. शुलामिथ तेव्हा आठ-नऊ वर्षांची होती. चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीच्या त्या दिवसाचा एक कागद घरात नव्हता. ज्यांनी ऑपरेशन केलं ते डॉक्टर जाऊनही जमाना झाला होता. ज्या आईला सकाळी चष्मा कुठे ठेवला ते दुपारी आठवायचं नाही, तिला औषधाचं नाव विचारत होते.

"स्कोलिन," आई म्हणाली.

तिने क्षणभरही विचार केला नाही. पाठ सरळ करून, एकेक शब्द सुटा करत ती बोलत राहिली. "औषधाचं नाव स्कोलिन. भूल देताना अंग सैल करायला देतात. दुसऱ्यांचं पटकन उतरतं. तिच्या अंगात ते उतरत नाही. ऑपरेशन झालं तरी ती श्वास घेईना. डॉक्टर रात्रीपर्यंत हाताने फुगा दाबत बसले होते. म्हणाले, पुन्हा हे औषध पोरीला कधी लागता कामा नये. तिच्या चुलत्यालाही असंच झालं होतं, तो उठलाच नाही. सांग त्यांना."

ओरलीने सांगितलं. हिरवी टोपीवाली पुन्हा पडद्यात आली, तिने "स्कोलिन?" असं विचारलं, आईने मान हलवली. बाईने मागे वळून कुणालातरी ते मोठ्याने सांगितलं, मग कॅमेऱ्याकडे बघून म्हणाली, "थँक यू, सावता." सावता म्हणजे आजी. एवढं हिब्रू मलाही येत होतं.

पण मी अजून त्या औषधाच्या नावापाशीच अडकलो होतो. ते नाव मी ऐकलं होतं. दर शुक्रवारी ऐकत होतो. दिवे लावून झाले की आई डोळ्यांवर हात धरायची, आशीर्वाद म्हणायची, मग शुलामिथचं नाव, माझं नाव, ओरलीचं नाव, आणि सगळ्यांत शेवटी हळूच, "स्कोलिन, आमेन." मी लहानपणापासून समजत होतो की तो हिब्रू शब्द आहे. कृपा, रक्षण, असं काहीतरी. एकदा आई तापाने पडली होती तेव्हा दिवे मी लावले आणि मीही तो शब्द भक्तिभावाने म्हटला होता. तिने कुठे लिहून ठेवलं नव्हतं, कुणाला सांगितलं नव्हतं. विसरू नये म्हणून प्रार्थनेतच घालून टाकलं होतं. मला रडू आलं आणि मी मधूसमोर ते लपवलंही नाही.

पलीकडे ओरलीही रडत होती. शुलामिथची खाट आतल्या दारातून नेताना तिने बघितलं असावं. "आजी, तू थांब ना," ती म्हणाली. "मी इथे एकटी हाय. तू फक्त दिसत राहा."

आईने त्या पडद्यावर हात ठेवला. मला वाटलं आता ती रात्रभर इथून हलणार नाही.

"नाही बाळा," ती म्हणाली. "काम झालं. आता बंद कर. तिकडे अजून शब्बाथ आहे."

"आजी..."

"तुझी मम्मी उठली की विचारील, माझ्यासाठी किती मोडलास? लागला तेवढाच मोडला, असं तिला सांगता आलं पाहिजे. प्रार्थना म्हण. तारे दिसले की फोन कर."

ओरलीने डोळे पुसले, मान हलवली आणि पडदा काळा झाला.

आम्ही अंगणात येऊन बसलो. मधूच्या बायकोने कुंपणापलीकडून दोनदा जेवायला हाक मारली, तो गेला नाही. थंडी पडली होती. आमच्याकडे एव्हाना आकाश ताऱ्यांनी भरून गेलं होतं आणि त्यातला एकही आमच्या कामाचा नव्हता. आई मात्र वर बघत बसली होती. औषध वेळेवर कळलं होतं का, की आम्ही ओटीवर वाद घालत होतो तेवढ्यात त्यांनी काही देऊन टाकलं होतं, की आतडंच... मी मनात पुन्हा पुन्हा हिशेब मांडत होतो आणि काही जुळत नव्हतं. आईला विचारायचा धीर होत नव्हता. एकदा तिच्या ओठांची हालचाल दिसली, म्हणून वाकून ऐकलं. ती तोच शब्द म्हणत होती.

फोन वाजला तेव्हा पडद्यावर तोच अनोळखी नंबर होता. आईने माझ्याकडे बघितलंही नाही, सरळ उचलला.

"आजी," ओरलीचा आवाज आला, "तिसरा दिसला."

आईने फोन दोन्ही हातांनी धरला.

"आणि मम्मी श्वास घेते," ओरली म्हणाली. "आपला आपण."